सतराचा पाढा

“अहो साहेब, वर तरी बघा!”

मापनिसाने वर पाहिलं नाही. त्याने जांभई दिली. सुईणीच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

घरी लेक अडली होती. पहाटेपासून कळा. शेजारणीला जवळ बसवून सुईण इकडे धावली, कारण पहाटेच तिच्या परवान्याची मुदत संपली आणि उजव्या तळहातावरची सरकारी मोहोर आपोआप आवळली. हात गारठला. ह्याच हाताने ती निपचित जन्मलेल्या पोरांच्या पाठीवर थाप मारायची आणि पोरं रडायची. थाप साधी नव्हती, म्हणून तर मोहोर. लेकीची थोरली अशीच निळी पडून जन्मली होती. आता दिवसभर दोरीवरच्या उड्या मारते. आणि आज, ह्या दुसऱ्या वेळी, आजीचा हात म्हणजे नुसतं लाकूड.

भिंतीवर सिद्धांत लिहिला होता. अख्खी मापनकचेरी त्याच्यावर चालायची.

कलम चार (पहिली तीन कोणालाच सापडत नव्हती): जादूकडे आस्थेने पाहिलं की माप फुगतं. सबब मोजणारा कंटाळलेला असावा.

बस्स. जग डोळ्यांत तेल घालून मोजतं. इथे डोळे मिटून. भिंती राखाडी, खिडक्या बंद, चहा कोमट. मागच्या मापनिसाने एका जादूगाराला नुसतं विचारलं होतं, “हे कसं जमतं हो तुम्हाला?” संध्याकाळी त्याची खुर्ची रिकामी.

सुईणीच्या पुढे दोघं होती. पहिली फुलवाली. तिचं माप सात भरलं. सात म्हणजे जादू आहे, आणि जादू आहे म्हणजे वरच्या मजल्यावरची सही लागते. ती येईपर्यंत मोहोर आवळलेलीच. फुलवाली बाकावर जाऊन बसली. बाकावरच्या मंडळींनी डबे आणले होते. एकाने तर उशी आणली होती.

दुसरा नावाडी. म्हणे शीळ घालून वारा आणायचा. काटा जागचा हलला नाही. शून्य. शिपायाने त्याची मोहोर जखमेवरची खपली काढावी तशी सोलून काढली, रांग फिदीफिदी हसली, आणि तो मान खाली घालून चालता झाला. सुईणीला त्याची कीव आली होती.

आता तिचा हात पितळी यंत्रावर होता.

“दरवर्षी नऊ भरतं माझं. नऊ लिहा आणि मोहोर सैल करा.”

“मोजल्याशिवाय लिहिता येत नाही, बाई.”

“मग मोजा!”

“मोजतोय.” जांभई.

“अहो, मूल आडवं आलंय! पोरगी जायची माझी!”

काचेखालचा काटा टुणकन उडाला. तीन. चार. मापनिसाने झटक्यात मान वळवली आणि भिंतीकडे तोंड करून पुटपुटायला लागला.

“सतरा एके सतरा. सतरा दुणे चौतीस.”

सुईण बघतच राहिली. तिकडे जीव जातोय आणि ह्याला पाढे सुचतायत!

“सतरा त्रिक एक्कावन्न.” काटा खाली येत होता. तीन. दोन. खोली गार होती, तरी त्याच्या कानामागून घामाची धार सदऱ्यात उतरत होती.

“अरे मुडद्या, माणूस आहेस का धोंडा?”

“मावशी, शिव्या नका घालू,” मागची बाई कुजबुजली. “तो जागा झाला तर आम्हा सगळ्यांची मापं फुगतील.”

“सतरा चोक अडुसष्ट. सतरा पंचे—” इथे त्याचा आवाज चिरकला. त्याने घसा खाकरला, “—पंच्याऐंशी,” आणि काटा तळाशी टेकला.

“शून्य.”

“शून्य?” सुईणीच्या तोंडून सगळे शब्द एकदम फुटले. “ह्या हाताचं शून्य? अर्धं गाव ह्या हाताने श्वास घेतंय! तूसुद्धा घेतला असशील, जा, विचार तुझ्या आईला!”

“शून्याला मोहोर लागत नाही,” तो भिंतीला म्हणाला. “कागद वर जात नाही. काढ रे ती. पुढचा.”

शिपायाने मोहोर सोलली. रांग फिदीफिदी हसली. सुईणीच्या तोंडात आणखी एक शिवी तयार होती, चांगली ठेवणीतली.

शिवी तिथेच थांबली.

तळहात उबदार झाला होता. चुलीपुढे धरल्यासारखा. तिने बोटं मिटली, उघडली. तिने बाकाकडे पाहिलं, उशीवाल्याकडे पाहिलं. मग भिंतीकडे वळलेल्या त्या ताठ मानेकडे. मानेवरची शीर फुगली होती.

“चला मावशी, सरका आता,” मागची म्हणाली.

सुईण पदर खोचून पळत सुटली. ती उंबऱ्यापाशी पोचली तोच मागे काडकन आवाज झाला. काचा फरशीवर सांडल्या. शिपाई किंचाळला, “साहेब, काटा तुटला! काच फोडून बाहेर आला!”

ती वळली नाही. वळायची गरज नव्हती. त्याने वर पाहिलं होतं.