मसालेभाताचं मीठ

"मीठ घातलंस ना गं?" सासूबाईंनी तिसऱ्यांदा विचारलं आणि मृदुलाचं डोकंच फिरलं.

"घातलं हो आई! घातलं, घातलं, घातलं! पंधरा वर्षं करतेय मी हा मसालेभात." तिने पातेल्यावर झाकण आदळलं. तोंडली जाड चिरलीस, मसाला कमी पडला, काजू जळतील; सकाळपासून त्यांनी एक गोष्ट सोडली नव्हती. चाखून बघा म्हणावं, तर नैवेद्याआधी चव घेतलेली या घरात चालत नसे.

नैवेद्य झाला, पंगत बसली. पहिल्याच घासाला एकेकाची बोटं गुपचूप पानातल्या मिठाकडे वळली. भात अळणी होता.

"मीठच नाही की यात!" मोठ्या नणंदेने सगळ्यांदेखत विचारलं. "आज भात केला कोणी?"

"मी," सासूबाई म्हणाल्या. "वय झालं गं, विसरले."

तूप वाढायला मृदुला त्यांच्या पानाशी वाकली. सासूबाई कुजबुजल्या, "माझंच चुकलं. चौथ्यांदा विचारायला हवं होतं."