तळाशी राहिलेलं मीठ

चार वर्षांच्या ओवीला सकाळपासून जुलाब होत होते, म्हणून केतकी मीठ-साखरेचं पाणी करत होती. चमचा फिरवून हात भरून आला, तरी मीठ तळाशी तसंच.

"पराग, हे विरघळत का नाही रे?"

पराग चपापला. नळांत क्षार साचू नयेत म्हणून कालच त्याच्या पथकाने शहराच्या पाण्यातल्या रेणूंची धन-ऋण टोकं पुसून टाकली होती. त्याच टोकांमुळे पाण्यात मीठ विरघळायचं. त्याबद्दलच्या सत्कारात त्याच्या गळ्यात हारही पडला होता.

"ही नळाचं पाणी प्यायली?"

"मग काय विहिरीचं? कालपासून सगळे तेच पितोय!"

ओवी कळवळून रडू लागली. परागने घाईघाईने तिचे डोळे पुसले. गाल कोरडे ठणठणीत होते. त्याच्या बोटांना मिठाचे खडे टोचले.