तिसरा पुकारा

“नवऱ्यानं तांदळात तुझं नवं नाव ‘हेमलता’ लिहिलं. कुणाचं ते इचार,” मावशीनं लग्नातच बजावलेलं, पण तिनं हसण्यावारी नेलं. सेलूच्या गोऱ्यापान हेमलताशी त्याचं लग्न जमून मोडलं होतं, हे बाळंतपणानंतर कळलं. तेव्हापासून त्या नावाला तिनं ओ दिली नाही. पण जिनिंगवाल्यानं कापसाच्या पैशापोटी दिलेला, न वटलेला चेक त्याच नावाचा होता, त्याच्यावरची तिची फिर्यादही. जिंतूरच्या कोर्टात ती बाळाला थोपटत असताना शिपाई ओरडला, “हेमलताबाई हाजिर हाय?” सटवी इथंही आली? ती एकेका गोऱ्या बाईला न्याहाळत राहिली. तीन पुकारे झाले. फिर्यादी गैरहजर म्हणून खटला खारीज झाला. “बाई, तुमालाच बोलवायले होते!” दुसऱ्या कोर्टातून धावत आलेल्या तिच्या वकिलानं कपाळ बडवलं. “खटला पुन्हा चालवायला औरंगाबादला हायकोर्टात अपील लागंल. करा सही, हेमलता म्हणूनच.” तिनं दात खाऊन केली. “वकीलसाहेब, सेलूवाली सासरी नांदायलीय का, तेवढं बघून सांगता?”