जहाजाच्या पत्र्याचं दार

आमचे हे इंग्रज-जपानच्या लढाईत रणगाड्यांच्या जहाजावर होते. जहाज ब्रह्मदेशाच्या वाळूला टेकायचं, तोंड उघडायचं, की गाडे खाली. दुष्काळाच्या साली ते मुंबईला मोडीत निघालं. ह्यांनी त्या तोंडाचा पत्रा आणून सोलापुरातल्या घराला दार केलं.

“लोकं बायकोला लुगडं आणतात,” मी म्हणाले.

पुढं हे अंथरुणाला खिळले. दुपारी दार आपोआप उघडायचं. उंबऱ्याबाहेर बुटांचे ओले ठसे उमटून थांबायचे.

“आमची जहाजावरची पोरं उतरली की!” हे हसायचे.

“त्यातलं कोण जितं हाय आता?”

पण दारातून कुणाला तहानलेलं परत धाडायची आमची रीत न्हाय. एकदा मी गूळ-पाणी ठेवलं. मीच म्हणाले, “या, आत या.”

ठसे खाटेपर्यंत आले.

मी ह्यांचा हात घट्ट धरला. दुसरा हात कुणीतरी ओढत होतं, आणि हे हसत होते.