ओकावांगो
वृंदाचा भाऊ पियूष बोट्स्वानातल्या ओकावांगो नदीवर पाणघोड्यांचा अभ्यास करत होता. रविवारी पाणघोड्याने त्याची होडी उलटवली आणि तो बेपत्ता झाला. बुधवारी छावणीच्या प्रमुखांचा आयर्लंडमधल्या डून लेरीला वृंदाकडे फोन आला. "त्याचं लाइफ जॅकेट तेवढं मिळालं, तेही फाटलेलं. इथं मगरी फार आहेत. आम्ही शोध थांबवतोय." तिने फोन ठेवला तेव्हा नागपूरहून आलेली आई खिडकीतून समुद्राकडे बघत होती. "ती नदी त्याला समुद्रात तर नाही ना गं नेणार?" "नाही आई, ती समुद्राला मिळतच नाही. वाळवंटात पसरते आणि वाळूत जिरते." "मग सापडेल. कुठंतरी बेटाबिटाला लागला असेल." आईने डोळे पुसले आणि रविवारपासून पहिल्यांदाच चहा मागितला. वृंदाने आधण ठेवलं, आलं किसलं; फोन कोणाचा होता, हे सांगायला तिची जीभ रेटेना.