माझा दगड
शिवणवाल्या मावशींनी घेतलेल्या जुन्या गाडीचा हँडब्रेक पहिल्याच आठवड्यात निकामी निघाला. “दोष लपवून विकलीत, आता परत घ्या. कायदा आहे,” मावशींनी विक्रेत्याला त्याच्या दुकानात जाऊन बजावलं. “ब्रेक ठणठणीत आहे, मावशी. तुमच्याच मनगटात जोर नाही.” दुकानातली गिऱ्हाइकं फिदीफिदी हसली. मावशी गेल्या आणि दुसऱ्या दिवशी आल्या त्या गाडी घेऊनच. दुकानाकडे येणाऱ्या उतारावर, दुकानाच्या नव्याकोऱ्या दर्शनी काचेकडे गाडीचं तोंड करून, त्यांनी पुढचं चाक एका दगडाला टेकवलं, हँडब्रेक ओढला आणि खाली उतरल्या. “ठणठणीत आहे ना? मग दगड काढते,” म्हणत त्या वाकल्या. “थांबा, घेतो परत,” विक्रेता घामाघूम होत म्हणाला. तिथल्या तिथे सह्या झाल्या, पैसे मिळाले, किल्ली त्याच्या हातात गेली. मावशींनी गिऱ्हाइकांना जरा बाजूला व्हायला सांगितलं. “गाडी आता तुमची, भाऊ. माझा दगड मी नेते.”