खिडकीकडची जागा

"नुसती वाफच बघायची, तर घरी चहाच्या पातेल्याशी बसले असते," सासूबाई पुटपुटल्या. मागच्या सीटवरच्या सुनेने ऐकलं.

सहलीच्या बसमध्येही त्यांनी खिडकीची जागा सवयीने मोकळी ठेवली होती. सासऱ्यांना जाऊन वर्ष उलटलं तरी.

गाइडने किल्ला दाखवला, मग गुहा. बाकीच्या काचा लख्ख होत्या. त्या रिकाम्या जागेपुढची काच मात्र पुसली की वाफेने तोंडाएवढी पुन्हा धुरकटायची.

"हवा दमट आहे," नवरा म्हणाला. "एसीमुळे," नणंद म्हणाली. दोघांनीही सुनेची नजर चुकवली.

शेवटचं वळण आलं. सासूबाई जन्मात पहिल्यांदा जो बघायला आल्या होत्या, तो समुद्र आता मागे पडणार होता. त्या पुन्हा रुमाल घेऊन वाकल्या.

सून हळूच पुढे झुकली. "बाबा, आजवर खिडकी तुमचीच होती. आता आईंना बसू द्या ना."